घरी सव्वा लाख

“फतेह पुटपुटायची नसते, पोरी. आणि आलेल्या फतेहला उत्तर दिल्याशिवाय तर राहायचंच नसतं. पस्तावशील एखाद दिवशी.”

निधानकौर बीबीजींनी भिंतीवरून डोकं वर काढून मला हे सांगितलं, तेव्हा माझ्या खांद्यावर चार महिन्यांची रेवा होती. ती नुकतीच झोपली होती. म्हणजे पाऊण तास येरझाऱ्या घालून, तीच ती दोन गाणी म्हणून, माझा डावा दंड बधिर झाल्यावर झोपली होती. मी ओठांवर बोट ठेवलं, “हो हो, बीबीजी,” म्हटलं आणि आत निघून आले.

त्यांचा धर्म त्यांनी पाळावा, माझ्या मुलीची झोप कशाला मोडावी, असं मनात म्हटलं. पस्तावण्याचं तर मी हसण्यावारीच नेलं.

आम्ही नांदेडला नवे होतो. माझा नवरा सुयोग औषधांच्या कंपनीत होता. सोमवारी परभणी, मंगळवारी हिंगोली, मग वसमत, मग देगलूर. घरी यायचा तो बॅगेतले मळके शर्ट काढायला. मी चिपळूणची, वनस्पतिशास्त्रात एम.एस्सी. झालेली. गुरुद्वाऱ्याच्या मागे, नदीकडे उतरणाऱ्या गल्लीत आम्ही अर्धं घर भाड्यानं घेतलं होतं. उरलेलं अर्धं बीबीजींचं. मधे परसाची भिंत, माझ्या गळ्यापर्यंत येईल एवढी. बीबीजी त्या बाजूनं धुण्याच्या दगडावर चढून उभ्या राहायच्या.

पंच्याहत्तरीच्या होत्या. काटक, पांढरी ओढणी, खांद्यावरून तिरकी गेलेली किरपाण. त्यांचे पूर्वज कधीकाळी पंजाबातून गोदावरीच्या काठी आले आणि इथलेच झाले. त्यामुळे मराठी आपल्यासारखीच, फक्त मधेच एखादं ‘नक्को’, एखादं ‘कायकू’.

रोज पहाटेचा पाठ आटोपला की त्या दगडावर चढायच्या आणि हात जोडून ठणठणीत आवाजात म्हणायच्या, “वाहेगुरूजी का खालसा, वाहेगुरूजी की फतेह!”

रेवा दचकायची. मूठ उघडायची, ओठ थरथरायचे, आणि मग जो भोंगा सुरू व्हायचा तो साडेआठपर्यंत.

डॉक्टरांनी मला दुधाच्या वेळा लिहून ठेवायला सांगितल्या होत्या. मी झोपेच्याही लिहायला लागले. दोनशे पानी वही होती. तिच्यात रोजची नोंद एकच: ६.१० झोपली. ६.३२ फतेह. उठली.

सुरुवातीला मी निदान उत्तर तरी द्यायचे. पहिल्या दिवशी ‘नमस्कार’ म्हटलं. दुसऱ्या दिवशी शहाणपणानं ‘सत श्री अकाल’ म्हटलं, तर बीबीजी खुदकन हसल्या.

“ते जयकाऱ्याचं उत्तर. एकानं ‘जो बोले सो निहाल’ म्हणायचं, मग सगळ्यांनी सत श्री अकाल. कुणाला भेटल्यावरही म्हणतात लोक, चुकीचं नाही. पण फतेह आली की फतेहच द्यायची. जशीच्या तशी, पूर्ण. अर्धी ठेवायची नाही.”

“एवढं काय त्यात, बीबीजी? नमस्कार तो नमस्कार.”

“नमस्कार होय?” त्यांनी कोपर भिंतीवर टेकलं. म्हणजे आता पाच मिनिटं गेली. “आमच्यात सांगतात, जो आधी फतेह बोलवतो, त्याच्याकडे गुरूंचं तोंड असतं. जो गाजवून उत्तर देतो, त्याच्याकडे उजवा खांदा. जो पुटपुटतो, त्याच्याकडे डावा.”

“आणि जो उत्तरच देत नाही?”

“त्याच्याकडे पाठ.”

“मग मला डावा खांदा चालेल,” मी म्हटलं. “पोरगी झोपू दे फक्त.”

“डाव्या खांद्यावरच तर घेऊन फिरतेस तिला,” त्या म्हणाल्या, आणि स्वतःच्याच विनोदावर अशा हसल्या की रेवा पुन्हा उठली.

माणूस वाईट नव्हतं, हेच तर अवघड होतं. वाईट असतं तर भांडता आलं असतं. त्या भिंतीवरून वाटी पुढे करायच्या, “घे, बदाम.” वाटीत असायचे भाजलेले हरभरे. कांद्याला म्हणायच्या रूपा, म्हणजे चांदी. मी विचारलं तेव्हा म्हणाल्या, “आमचे सिंघ रानावनात लढत होते तेव्हा खायला नव्हतं काही. चणे चावायचे आणि बदाम म्हणायचे. जे उणं असेल ते मोठं करून सांगायचं. रडायचं नाही.” गल्लीत एका डोळ्याचा बोका होता, त्याचं नाव त्यांनी ठेवलं होतं लखनेत्रा. लाख डोळ्यांचा! मला गंमत वाटली. सुयोगला फोनवर सांगितलं, तोही हसला. त्या बोलीत आणखी काय काय शब्द असतील, हे विचारावंसं मात्र मला एकदाही वाटलं नाही. झोप झाली नसली की माणसाचं कुतूहल आधी मरतं.

फाल्गुन लागला. रेवाला लस टोचून आणली आणि तिला ताप भरला. दोन दिवस दोन रात्री ती माझ्या अंगावर होती. सुयोग देगलूरला अडकलेला. सासूबाईंचे फोनवरून सल्ले, “आमच्या वेळी नव्हती बाई पोरं अशी किरकिरी.” तिसऱ्या दिवशी सकाळी सहा वीसला ताप उतरला आणि रेवा झोपली. मी तिला पाळण्यात ठेवलं, मोरीत जाऊन तोंडावर पाणी मारलं, तोच—

“वाहेगुरूजी का खालसा, वाहेगुरूजी की फतेह!”

पाळण्यातून किंकाळी आली.

मी तशीच ओल्या तोंडानं परसात गेले. केस सुटलेले, गाऊनला दुधाचे डाग. काय बोलले ते मला शब्दन् शब्द आठवतं, आठवलं नसतं तर बरं झालं असतं.

“बीबीजी, तुम्हाला देवाचं नाव घ्यायचं तर तुमच्या घरात घ्या ना! माझ्या कानाशी कशाला? पोर मरतंय माझं झोपेविना. मला नाही द्यायची तुमची फतेह. मला काही नको तुमच्याकडून, फक्त शांतता द्या!”

जोडलेले हात त्यांनी हळूच खाली घेतले. माझ्याकडे बराच वेळ पाहिलं. रागानं नाही. जरा वाकून, डोळे बारीक करून, आपण तापातल्या मुलाकडे बघतो तसं.

“हौ,” त्या म्हणाल्या. “हळू बोलीन.”

दुसऱ्या दिवशीपासून त्या दगडावर चढल्याच नाहीत. साडेसहाच्या सुमाराला भिंतीपलीकडून काहीतरी पुटपुटल्यासारखं ऐकू यायचं, मग थोडा वेळ काहीच नाही, मग चपलांचा आवाज आत जायचा. तो मधला थोडा वेळ त्या कशासाठी थांबत होत्या, ते मला कळत होतं. मी उत्तर दिलं नाही. वहीत आठ दिवस ‘६.३२’ नव्हतं आणि मी जिंकले होते.

मग होळी आली. दुसऱ्या दिवशी होला. नांदेडमध्ये होल्याला पंजाबापासून माणसं येतात. घोडे, निशाणं, नंग्या तलवारी घेऊन हल्ल्याची मिरवणूक धावत निघते. गल्लीतल्या घराघरात पाहुणे उतरले होते. रेवाच्या झोपेचं काय होणार या विचारानं माझं डोकं आधीच उठलं होतं. बीबीजी परसात ओढणी वाळत घालताना दिसल्या. आठ दिवसांनी मीच बोलले, तेही धोरणानं.

“यंदा तुमच्याकडे कोण कोण आलंय, बीबीजी? पुतणे येणार होते ना बिदरचे?”

त्यांनी दोरीवरच्या ओढणीला चिमटा लावला. “सव्वा लाख आहेत घरी!”

“बापरे. मग जरा सांगाल का त्यांना? दुपारी अकरा ते एक रेवा झोपते.”

“सांगते की.” त्या मोठ्यानं हसायला लागल्या आणि मग आठवण होऊन तोंडावर हात ठेवला. “सव्वा लाखाला सांगते, हळू बोल म्हणून.”

‘हळू बोला’ नाही, ‘हळू बोल’ म्हणाल्या. एकवचन. एम.एस्सी.ला पानाच्या शिरा मोजून झाडाची जात ओळखायचे मी. हे नाही ओळखलं.

होल्याच्या दिवशी दहा वाजताच गल्ली रिकामी झाली. सगळे गुरुद्वाऱ्याकडे. लांबून नगाऱ्याचा आवाज येत होता, पण एका लयीत, त्यामुळे असेल, रेवा अकरा पंचवीसला झोपली. मी खांद्यावरून उतरवलीच नाही. परसाच्या दारात उभी राहून नुसती झुलत होते.

अकरा चाळीसला भिंतीपलीकडून आवाज आला.

“वाहेगुरूजी का खालसा...”

हळू. अगदी हळू, श्वासाबरोबर सोडल्यासारखं. पुढचं अर्धं ऐकू आलं नाही. थोड्या वेळानं पुन्हा तेच, तेवढंच.

मी रेवाकडे पाहिलं. पापणीही हलली नव्हती. मला वाटलं, शिकल्या एकदाच्या. पाहुण्यांपैकी कुणाशी तरी बोलत असतील, आणि माझं ऐकून हळू बोलतायत. मला चक्क त्यांचं कौतुक वाटलं. दार लोटून मी आत आले आणि एका हातानं वहीत लिहिलं: ‘११.४० बीबीजी, हळू. झोप मोडली नाही.’ खाली रेघ मारली.

रेवा पुन्हा माझ्या खांद्यावर झोपली होती, तेवढ्यात चारला कुलवंतकौर आली. गल्लीच्या तोंडाशी राहायची, जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका होती. एका हातात कडाह प्रशादाचा डबा, ओढणीवर गुलाल.

“वहिनी, हे घ्या, प्रशाद. बीबीजी कुठे गेल्या हो? दोनदा फतेह बोलवली फाटकातून, उत्तर नाही.”

“झोपल्या असतील. दमल्या असतील, घरभर पाहुणे आहेत ना.”

“पाहुणे? बिदरचा पुतण्या तर येत नाही म्हणाला यंदा. त्याच्या बायकोचं ऑपरेशन आहे.”

“मग दुसरे कोणी असतील. काल त्याच म्हणाल्या ना मला, सव्वा लाख आहेत घरी.”

कुलवंतचा डबा पुढे केलेला हात तसाच राहिला.

“सव्वा लाख म्हणाल्या?”

“हो. का?”

“अहो वहिनी, सव्वा लाख म्हणजे एकटी! एक सिंघ सव्वा लाखाच्या बरोबरीचा, म्हणून एकटं माणूस असलं की आमची जुनी माणसं सव्वा लाख म्हणतात. घरात कोणी नाही असं म्हणायचं नाही ना...”

पुढचं ती काय बोलली, मला माहीत नाही. चणे, बदाम, एका डोळ्याचा लखनेत्रा, दोरीवरची एकुलती एक ओढणी, सगळं एकदम माझ्या अंगावर आलं. मी परसाकडे पळाले. कुलवंत मागोमाग. भिंतीपलीकडे दुपारचं ऊन, दगडावर अर्धवट धुतलेला पितळी गडवा आणि न्हाणीचं लोटलेलं दार.

“बीबीजी!” मी हाक मारली. काही नाही. “अहो बीबीजी!”

“तसं नका,” कुलवंत म्हणाली. “फतेह बोलवा. गाजवून. जीव असेल तर उत्तर देतीलच त्या. दिल्याशिवाय राहायच्या नाहीत.”

मी जन्मात तेवढ्या मोठ्यानं ओरडले नव्हते. बाळंत होतानाही नाही.

“वाहेगुरूजी का खालसा, वाहेगुरूजी की फतेह!”

खांद्यावर रेवा ताडकन जागी झाली आणि गळा काढून रडायला लागली. मी तिच्या तोंडावर हात ठेवला. हो, ठेवला. “गप, गप, गप ग बाई, ऐकू दे.” तिचं रडणं बोटांतून गळत होतं आणि आम्ही दोघी कान लावून उभ्या.

न्हाणीच्या दाराआडून आलं. शब्द तुटत होते, पण एकही गाळलेला नव्हता.

“वाहेगुरूजी का... खालसा... वाहेगुरूजी की... फतेह.”

रेवाला कुलवंतच्या हातात कोंबून मी बादली पालथी घातली आणि भिंत चढले. उतरले कसली, पडलेच. गुडघा फुटला ते नंतर कळलं. न्हाणीत बीबीजी कुशीवर होत्या. एक पाय भलत्याच दिशेला. ओठ पांढरे, पण डोळे उघडे, आणि ओढणी डोक्यावर नीट घेतलेली. साडेअकराला घसरल्या होत्या. म्हणजे पावणेपाच तास.

पुढचं भराभर झालं. रिक्षा, गर्दीतून काढलेली वाट, हॉस्पिटल, खुब्याचं हाड. डॉक्टर मला रागावले, “घरात कोणी नव्हतं का? एवढा वेळ?”

चार दिवसांनी, ऑपरेशन झाल्यावर, मी रेवाला घेऊन भेटायला गेले. वॉर्डच्या दारात मी हात जोडायच्या आत त्यांनीच फतेह बोलवली. आजूबाजूच्या खाटा वळून बघायला लागल्या. मी पूर्ण उत्तर दिलं, गाजवून.

“उजवा खांदा,” त्या म्हणाल्या. “बस.”

मला विचारल्याशिवाय राहवेना. “बीबीजी, मी होते तिथेच. दारात उभी होते. तुम्ही मोठ्यानं ओरडला का नाहीत?”

त्यांनी रेवाचा पाय हातात घेतला, तळव्यावर अंगठा फिरवला. “ओरडले असते की. पण अकरा ते एक रेवा झोपते ना.”

त्या टोमणा मारत होत्या, की थट्टा करत होत्या, की खरंच तसं होतं, हे मला आजतागायत कळलेलं नाही. दुखण्यानं श्वासच पुरला नसेल, असं मी स्वतःला सांगते. कधी पटतं, कधी नाही.

“पण तुम्ही मला का नाही सांगितलंत, एकट्या असता म्हणून?”

“सांगितलं की. रोज सकाळी सांगत होते.” त्या थकल्यासारख्या झाल्या होत्या, पण बोलायचं थांबल्या नाहीत. “तुझ्या घरात आधी रतनकौर राहायची. तिनं चढाई केली... म्हणजे गेली ती, दोन वर्षं झाली. बत्तीस वर्षं मी इकडून फतेह बोलवायची, ती तिकडून. उत्तर आलं की मगच मी चहा ठेवायची. ती गेली त्या दिवशी उत्तर नाही आलं, तेव्हाच मी समजले. मग तू आलीस. चार महिन्यांचं पोर, नवरा फिरतीवर, डोळे खोल गेलेले. रात्री रडतेस ते काय भिंतीला कळत नाही? म्हटलं, सकाळी निदान तू उठलीस की नाही, ते तरी बघावं. तू ‘गप बसा’ म्हणून ओरडलीस ना, त्या दिवशी मी निवांत चहा प्याले.”

घरी आल्यावर मी ती वही उघडली. ‘११.४०’च्या खालची रेघ खोडायला पेन घेतलं आणि मग नाही खोडली. ती वही अजून आहे माझ्याकडे.

या गोष्टीला सात वर्षं झाली. आता आम्ही नाशिकला असतो. रेवा दुसरीत आहे आणि घोडे विकून झोपते. रोज सकाळी साडेसहाला मी नांदेडला फोन लावते. आधी फतेह कोण बोलवतं याची आमची शर्यत असते, आणि फोन मी केलेला असूनही त्याच जिंकतात. पुतण्या त्यांना बिदरला न्यायला तयार आहे, पण त्या भिंत सोडायला तयार नाहीत. कुलवंतची बदली झाली. आमच्या जुन्या अर्ध्या घरात आता कोण राहतं, त्यांना फतेह माहीत आहे का, मला ठाऊक नाही.

परवा, शनिवारी, फोनवर आवाज हळू आला. रविवारीही. आज सोमवार. आज पहिल्यांदाच शर्यत मी जिंकले. त्यांनी उत्तर दिलं, पूर्ण दिलं, पण डाव्या खांद्याचं. मी विचारलं, “बरं आहे ना? घरी कोण आहे?”

“सव्वा लाख,” त्या म्हणाल्या आणि हसल्या.

पुतण्याचा फोन लागत नाही. सुयोग दौऱ्यावर आहे, रेवाला कांजिण्या आल्यात, अंगभर फोड आहेत, तिला घेऊन गाडीत बसता येत नाही. माझं तिकीट शुक्रवारचं आहे. शुक्रवार फार लांब आहे हो.

तुमच्यापैकी कोणी नांदेडला राहत असेल, तर गुरुद्वाऱ्याच्या मागच्या, नदीकडे उतरणाऱ्या गल्लीत जा. डावीकडचं तिसरं, निळं फाटक. बाहेरूनच फतेह बोलवा. संकोच करू नका, पुटपुटू नका, कुणाची झोप मोडली तर मोडू दे. आणि आतून हसत हसत आवाज आला, की काही काळजी नको, घरी सव्वा लाख आहेत, तर बरं म्हणून परत फिरू नका. आत जा.